नंदुरबारची वखार आणि मुंबईची शिबंदी : एका व्यापाऱ्याच्या सेनापतित्वाची किंमत

१/
फेब्रुवारी १६७३. मुंबईच्या समुद्रात डच आरमार येऊन ठाकले. त्याचा प्रमुख रायक्लॉफ व्हॅन गोएन्स हा मुरलेला सेनानी होता. सिंहलद्वीप आणि मलबारचा किनारा यांवरून पोर्तुगिजांना हुसकावून लावण्यात त्याचा मोठा वाटा होता. समोर मुंबईच्या बचावाची सूत्रे ज्याच्या हाती होती, तो जेराल्ड ऑंजियर मात्र पेशाने व्यापारी होता. कापड, नीळ आणि मिरी यांच्या खरेदी-विक्रीत त्याची उमेद गेली होती. या व्यापाऱ्याने शिबंदी कशी उभारली आणि तिचा भार कोणाच्या खांद्यावर पडला, याची ही हकिकत. तिची सुरुवात मुंबईत होत नाही; ती नंदुरबारच्या रस्त्यावर होते. (धागा)

२/
सतराव्या शतकात सुरतेहून बुऱ्हाणपूरला आणि तेथून पुढे आग्र्याला जाणारा मोठा रस्ता बारडोली, नवापूर, नंदुरबार, थाळनेर, चोपडा असा जात असे. नंदुरबार हे त्यावरचे तटबंदीचे शहर. १६१० मध्ये विल्यम फिंच हा इंग्रज व्यापारी येथून गेला आणि त्याने शहरालगतच्या किल्ल्याची व थडग्यांची नोंद केली. १६१५ मध्ये जहांगीर बादशहाच्या दरबारी निघालेला इंग्लंडचा वकील सर टॉमस रो याच वाटेने गेला. आज सातपुड्याच्या पायथ्याचा दूरचा जिल्हा म्हणून ओळखला जाणारा हा प्रदेश त्या काळी हिंदुस्थानच्या एका प्रमुख व्यापारी मार्गावर होता.

३/
फ्रेंच जवाहिऱ्या ताव्हेर्निए याने नवापूरविषयी लिहिले आहे. हे मोठे गाव विणकरांनी भरलेले आहे, पण येथील मुख्य व्यापार तांदळाचा, असे तो सांगतो. हा तांदूळ बारीक, शिजल्यावर बर्फासारखा पांढरा आणि कस्तुरीसारखा सुगंधी. बडे उमराव तोच खातात आणि इराणात कोणाला भेट पाठवायची तर त्याचे एक पोते पुरते, असेही त्याने नोंदवले. नंदुरबारची द्राक्षे आणि खरबुजे यांचीही ख्याती होती. परंतु युरोपीय कंपन्यांचे लक्ष होते ते खानदेशातील कापडावर. विणकर येथे, कापूस येथे आणि सुरतेचे बंदर त्याच रस्त्याच्या टोकाला.

४/
१६६६ मध्ये इंग्रज ईस्ट इंडिया कंपनीने नंदुरबारला वखार घातली. १६७० पर्यंत तिचा इतका जम बसला की अहमदाबादेतील इंग्रज व्यापाऱ्यांनी आपले ठाणे नंदुरबारला हलवले, असे गॅझेटियर नोंदवते. वखार म्हणजे किल्ला नव्हे. माल साठवण्याची कोठारे, दलालांची बैठक आणि मूठभर गोऱ्या कारकुनांचे बिऱ्हाड, एवढेच तिचे स्वरूप. जागा दुसऱ्याची, कायदा दुसऱ्याचा, पहारा दुसऱ्याचा. नंदुरबारमधील इंग्रज हा मोगल सुभ्यातील पाहुणा होता आणि पाहुण्याच्या रिवाजाने राहत होता. बाजारात पत आणि अधिकाऱ्यांशी गोडी, हेच त्याचे संरक्षण.

५/
हे संरक्षण किती तकलादू आहे ते जानेवारी १६६४ मध्ये सुरतेला दिसून आले. शिवाजी महाराजांचे सैन्य शहराच्या वेशीवर येताच मोगलांचा सुभेदार इनायतखान किल्ल्यात जाऊन बसला आणि शहर उघडे पडले. त्या काळच्या जगातील अतिश्रीमंत व्यापाऱ्यांत ज्याची गणना होई, त्या वीरजी वोराची हवेली लुटली आणि जाळली गेली. वीरजीकडे पैसा अमाप होता; त्याच्या हवेलीच्या रक्षणाला उभे राहील असे सैन्य त्याच्यापाशी नव्हते. संरक्षणाचे काम बादशहाचे, आपले काम जकात भरण्याचे, असा तेथील व्यापाऱ्यांचा पिढ्यान्पिढ्यांचा हिशेब होता.

६/
इंग्रजांच्या वखारीचा प्रमुख जॉर्ज ऑक्झेंडेन याने मात्र कारकून, खलाशी आणि नोकर यांच्या हाती शस्त्रे दिली, ढोल-कर्णे वाजवत त्यांना शहरातून फिरवले आणि वखार राखली. वेढा पडण्याइतका वेळ महाराजांपाशी नव्हता, हेही त्याच्या यशाचे एक कारण. पुढे औरंगजेबाने सुरतेच्या व्यापाऱ्यांना एक वर्षाची जकात माफ केली, इंग्रज व डचांनाही सवलत दिली आणि कंपनीने ऑक्झेंडेनला सुवर्णपदक देऊन गौरवले. यातून कंपनीच्या नोकरांनी घेतलेला धडा सरळ होता : जो स्वतःचे रक्षण करतो त्याचा माल वाचतो, आणि बादशहाकडे त्याची किंमतही वाढते.

७/
ऑक्झेंडेन जुलै १६६९ मध्ये वारला आणि त्याच्या जागी ऑंजियर आला. सुरतेचा अध्यक्ष तोच आणि मुंबईचा गव्हर्नरही तोच. पोर्तुगीज राजकन्येच्या विवाहात इंग्लंडच्या राजाला मिळालेले मुंबई बेट १६६८ मध्ये राजाने वर्षाला अवघ्या दहा पौंडांच्या खंडाने कंपनीला देऊन टाकले होते. अशा रीतीने एकाच माणसाच्या हाताखाली दोन अगदी भिन्न गोष्टी आल्या. सुरत-नंदुरबारकडील वखारी, जेथे कंपनी पाहुणी होती. आणि मुंबई, जेथे कंपनी धनी होती. ऑंजियरच्या पुढील आयुष्याचा सारा अर्थ या भेदात आहे.

८/
पदावर येऊन काही महिने होतात न होतात तोच त्याच्यापुढे पहिला पेच उभा राहिला. काझीच्या धार्मिक जुलुमाला कंटाळून सप्टेंबर १६६९ मध्ये सुमारे ८,००० वाणी सुरत सोडून भडोचला निघून गेले. त्याआधी भीमजी पारख आणि इतर प्रमुख व्यापारी ऑंजियरला भेटले होते. मुंबईत आसरा मिळेल काय, असा त्यांचा प्रश्न होता. ऑंजियरने त्यांना तूर्त मुंबईला न येण्याचा सल्ला दिला. बादशहाचा रोष ओढवला तर त्यांचे आणि स्वतःचेही रक्षण करण्याचे बळ कंपनीत नव्हते. मुंबईची भरभराट ज्यांच्यावर अवलंबून होती, त्याच लोकांना परत पाठवावे लागले.

९/
ऑक्टोबर १६७० मध्ये महाराजांनी दुसऱ्यांदा सुरत गाठली. या वेळी ऑंजियर बराचसा माल घेऊन सुवाळीच्या बंदरावर होता. सुवाळीहून खलाशांची एक तुकडी घेऊन स्ट्रेन्शम मास्टर हा दुसरा व्यापारी सुरतेत गेला आणि त्याने वखार लढवली. एका पिढीत तिसऱ्यांदा एका व्यापाऱ्याला सरदारकी करावी लागण्याची वेळ आता जवळ येत होती. मात्र ऑक्झेंडेन आणि मास्टर यांनी लढवली ती एकेक इमारत, तीही काही दिवस. ऑंजियरला एक अख्खे बेट लढवायचे होते आणि त्यासाठी कारकून व खलाशी पुरणार नव्हते.

१०/
इकडे खानदेशातही शांतता उरली नव्हती. सुरतेनंतर त्याच वर्षी मराठी फौजा बुऱ्हाणपूरच्या परिसरातून वऱ्हाडातील कारंजापर्यंत गेल्या. वाटेतल्या गावांच्या प्रमुखांकडून चौथाईची लेखी कबुली घेतली गेली. १६७१ च्या आरंभी बागलाणातील साल्हेर महाराजांकडे आला आणि पुढल्याच वर्षी तेथे मोगलांचा मोठा पराभव झाला. साल्हेरपासून नंदुरबारची बाजारपेठ फार दूर नाही. धरणगावला कंपनीने १६७४ मध्ये वखार घातली, ती पुढल्याच वर्षी लुटली गेली. कापड विकत घेणे सोपे होते, ते सुखरूप बंदरावर नेणे अवघड. आतल्या मुलखातील पाहुणचाराचे दिवस भरत आले होते.

११/
जून १६७२ मध्ये ऑंजियर मुंबईत येऊन राहिला आणि पुढची सुमारे तीन वर्षे तेथेच होता. त्याच वर्षी युरोपात इंग्लंड आणि हॉलंड यांच्यात युद्ध पेटले. मुंबईतील कंपनीची फौज तुटपुंजी होती, आणि जी होती तिला बेटावरचा ज्वर पोखरत होता. नवी गोरी पलटण मागवायची तर तिला जहाजाने यायला सहा महिने आणि तिच्या पगाराला लंडनच्या संचालकांची मंजुरी. तटबंदीच्या खर्चावरूनच ते संचालक कुरकुरत होते. म्हणून ऑंजियरने व्यापारी करतो तेच केले. जवळ काय शिल्लक आहे, त्याची त्याने मोजदाद केली. शिल्लक होती ती बेटावरच्या माणसांची.

१२/
नोव्हेंबर १६७२ मध्ये त्याने बेटावरील जमीनधारकांशी करार केला. पोर्तुगीज अमदानीपासूनचा जमिनींच्या मालकीचा वाद त्यामुळे मिटला आणि मोबदल्यात रहिवाशांनी वर्षाला २०,००० शेराफिन द्यावेत असे ठरले. जमीन ज्याची, त्याने बेटाच्या रक्षणालाही हातभार लावावा, हे तत्त्व याच सुमारास रूढ झाले. मिलिशिया या नावाने कागदपत्रांत येते ती ही नागरी शिबंदी. शांततेच्या काळात आपापला धंदा करायचा, काही दिवस कवायत करायची आणि हाक आली की तटावर यायचे, अशी तिची रीत. पगारी सैनिक नसल्यामुळे तिचा कायमचा भार कंपनीवर नव्हता.

१३/
डॉ. जॉन फ्रायर हा कंपनीचा वैद्य १६७३ च्या अखेरीस मुंबईत उतरला. त्याने दिलेले आकडे बोलके आहेत. किल्ल्यात ३०० इंग्रज आणि ४०० तोपास, म्हणजे बंदूकधारी मिश्रवंशीय ख्रिस्ती शिपाई. पोर्तुगीज हजेरीपटातून घेतलेली शिबंदी ५००, आणि ही माणसे आपली शस्त्रे स्वतःच आणत. शिवाय सोटे आणि इतर हत्यारे घेतलेले ३०० भंडारी, ज्यांचे एरवीचे काम नारळीच्या बागा राखण्याचे. बेरीज १,५००. त्यात इंग्रज एक पंचमांश. म्हणजे ज्याला इंग्रजांनी केलेला मुंबईचा बचाव म्हणतात, त्यातील पाचपैकी चार माणसे या मातीतली होती.

१४/
त्यातील भंडाऱ्यांकडे विशेष लक्ष द्यावे. माडावर चढून ताडी काढणे हा त्यांचा व्यवसाय. पण किनाऱ्यावर लढवय्ये म्हणूनही त्यांचा लौकिक जुना. खांदेरी बेटावर पुढे इंग्रजांशी झुंजणारा मायनाक भंडारी हा महाराजांच्या आरमाराचा अधिकारी याच समाजातला. मुंबईत कंपनीने त्यांच्याकडून पहाऱ्याची कामे करून घेतली. सरकारी मिरवणुकीत कर्णा वाजवत पुढे चालण्याचा मानही त्यांना मिळाला. हा मान पुढे बराच काळ टिकला. मिरवणुकीच्या मानाने पोट भरत नाही, हे खरे. तरी तटावरील त्यांच्या चाकरीची एवढी एक आठवण समाजात उरली.

१५/
या तयारीवर फेब्रुवारी १६७३ मध्ये डच आरमार आले. जहाजे २२ होती आणि त्यांवर ६,००० माणसे होती, असा आकडा जुने इतिहासकार देतात. शत्रूला बाहेरून दिसत होते ते असे : तट सज्ज, तोफा मांडलेल्या आणि किनाऱ्यावर शस्त्रधारी माणसांची गर्दी. यातील किती जण खरे कसलेले लढवय्ये आणि किती माडावरून नुकतेच उतरलेले, हे जहाजावरून कळण्यासारखे नव्हते. व्हॅन गोएन्सने हल्ला केला नाही आणि आरमार निघून गेले. फेब्रुवारी १६७४ मध्ये युरोपात तह झाला आणि धोका टळला.

१६/
ऑंजियरचे मोठेपण नाकारण्याचे कारण नाही. ज्या काळात सुरतेचा सुभेदार किल्ल्यात दडतो, त्या काळात हा व्यापारी तटावर उभा राहिला. त्याने १६७२ मध्ये न्यायालय सुरू केले, निरनिराळ्या जातींच्या पंचांना कारभारात जागा दिली आणि बेटावर येऊन राहणाऱ्याला धर्माची मोकळीक दिली. पोर्तुगिजांच्या वेळी १०,००० असलेली वस्ती ६०,००० झाल्याचे फ्रायर सांगतो. आकडा फुगवलेला असेल, वाढ खरी आहे. मुंबईचा पाया घालणारा म्हणून त्याचे नाव घेतले जाते, ते अगदीच निराधार नाही. प्रश्न आहे तो या गौरवातून काय वगळले जाते, याचा.

१७/
वगळला जातो तो खर्चाचा रकाना. शिबंदीची माणसे शस्त्रे स्वतः आणत. त्यांचा बुडालेला दिवस कंपनीच्या वहीत लिहिला जात नसे. पगारी सैनिकाचीही गत बरी नव्हती. डच संकट टळले त्याच वर्षी, १६७४ मध्ये, मुंबईच्या पलटणीने पगार आणि महागाई यांवरून बंड केले. कॅप्टन शॅक्स्टनवर ठपका आला आणि फेक नावाच्या एका कॉर्पोरलला गोळ्या घालण्यात आल्या. सैनिकांच्या काही मागण्या नंतर मान्य झाल्या, म्हणजे त्या रास्त होत्या. संकटात माणसाची किंमत वाढते आणि संकट सरताच वही पुन्हा उघडते. व्यापारी सेनापतीची ही मर्यादा ऑंजियरच्या काळातच उघड झाली.

१८/
सर्वांत बोलका कागद मार्च १६७७ चा आहे. दीवचा श्रीमंत व्यापारी नीमा पारख मुंबईत येण्यास तयार झाला, पण अटींवर. धर्माची मोकळीक ही एक अट. दुसरी अशी की, त्याला आणि त्याच्या जातीतील माणसांना पहारा-चौकीच्या कामातून सूट असावी. कंपनीने अटी मान्य केल्या. आठ वर्षांपूर्वी भीमजी पारखला जे आश्वासन देता आले नव्हते ते आता देता आले, कारण तटावर उभी राहणारी माणसे होती. मात्र रक्षण ज्यांच्या पेढ्यांचे व्हायचे ते पहाऱ्यातून मोकळे, आणि ज्यांच्या घरात राखण्याजोगे फारसे काही नव्हते ते सोटा घेऊन चौकीवर.

१९/
यात नीमा पारखचा दोष नाही. परमुलखात बिऱ्हाड हलवणाऱ्याने अटी घालणे शहाणपणाचेच. दोष असलाच तर तो पुढच्या पिढ्यांच्या आठवणीचा. मुंबई घडवणाऱ्यांच्या यादीत गव्हर्नर येतात, शेठ-सावकार येतात. स्वतःचे हत्यार घेऊन आलेले पाचशे आणि सोटे घेतलेले तीनशे येत नाहीत. त्यांची नावे फ्रायरच्या पुस्तकात नाहीत, फक्त संख्या आहे. नंदुरबार-नवापूरच्या विणकरांचेही तसेच. ज्या कापडाच्या नफ्यातून तोफा आणि दारूगोळा आला, ते विणणाऱ्यांची तर संख्याही कोणी लिहून ठेवलेली नाही.

२०/
जानेवारी १६७७ मध्ये ऑंजियरने लंडनच्या संचालकांना सल्ला दिला की आता काळ पालटला आहे. व्यापार चालवायचा तर तलवार हाती धरूनच चालवावा लागेल. त्याच वर्षी ३० जूनला तो सुरतेत वारला. १६६४ ते १६७७ या तेरा वर्षांत विचार कुठून कुठे गेला ते पाहावे. आधी तलवार होती ती माल वाचवण्यासाठी, घटकाभर उचललेली. आता ती व्यापाराचे नेहमीचे अवजार झाली. ऑंजियर स्वतः सावध होता. १६७४ मध्ये रायगडावरील राज्याभिषेकाच्या वेळी त्याने हेन्री ऑक्झेंडेनला वकील म्हणून पाठवून महाराजांशी तह केला. त्याच्या वारसांना हा पोच राहिला नाही.

२१/
१६८३ मध्ये पगारकपातीने चिडलेल्या रिचर्ड केग्विन या लष्करी अधिकाऱ्याने मुंबई ताब्यात घेतली आणि राजाच्या नावाने जवळजवळ वर्षभर कारभार केला. त्यानंतर जॉन चाइल्डच्या कारकिर्दीत कंपनीने थेट मोगल बादशाहीशी युद्ध आरंभले. परिणामी १६८९ मध्ये सिद्दी याकुब मुंबईत उतरला, माझगाव आणि माहीम त्याने व्यापले आणि इंग्रज किल्ल्यात कोंडले गेले. शेवटी दीड लाख रुपये दंड भरून कंपनीने बादशहाची माफी मागितली. या सव्वा वर्षात किल्ल्याबाहेर राहिली ती भंडारी-कोळ्यांची घरे. तलवारीचा सल्ला वखारीत लिहिला गेला, तिचे वार वाड्यांवर झाले.

२२/
मराठी राज्यकर्त्यांना हा धोका कळत होता. रामचंद्रपंत अमात्यांच्या नावाने प्रसिद्ध असलेल्या आज्ञापत्रात टोपीकरांविषयी स्पष्ट इशारा आहे. हे इतर सावकारांसारखे सावकार नव्हेत, यांच्या पाठीशी यांचे राजे आहेत, तेव्हा त्यांना समुद्रकिनारी किंवा खाडीच्या तोंडाशी जागा देऊ नये. द्यायचीच तर आतल्या मुलखात, सखल जागी द्यावी आणि पक्की इमारत बांधू देऊ नये, असा त्याचा आशय. म्हणजे टोपीकराने राहावे ते नंदुरबारच्या वखारीसारखे, पाहुणा म्हणून. अठराव्या शतकाच्या आरंभी हे लिहिले गेले तेव्हा मुंबईचा तट उभा राहून पन्नास वर्षे होत आली होती.

२३/
नंदुरबारने या कथेचा शेवट पाहिला. पेशवाईच्या अखेरच्या धामधुमीत खानदेश उजाड झाला आणि १८१८ मध्ये कंपनीचा अंमल आला तेव्हा नंदुरबार अर्धेअधिक ओस पडले होते. दीडशे वर्षांपूर्वी पाहुणा म्हणून आलेला आता धनी होऊन परतला. १८२५ मध्ये जेम्स औट्रमने खानदेशातील भिल्लांची पलटण उभारली. तिचे ठाणे होते धरणगाव, जेथे एके काळी कंपनीची वखार लुटली गेली होती. रीत तीच जुनी. माणसे येथली, मुलूख त्यांच्या ओळखीचा, आणि हुकूम कंपनीचा. ऑंजियरने बेटावर जे करून पाहिले, ते डोंगरात पोहोचायला दीड शतक लागले.

२४/
याच नंदुरबारच्या पेठेत दुसऱ्या महायुद्धाच्या काळात, ९ सप्टेंबर १९४२ रोजी, तिरंगा घेऊन निघालेल्या मुलांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. शिरीषकुमार मेहता, लालदास शहा, धनसुखलाल वाणी, शशिधर केतकर, घनश्यामदास शहा. शिरीषकुमार व्यापारी कुटुंबातला, वय अवघे पंधरा. या मुलांच्या हाती शस्त्र नव्हते आणि त्यांच्या जागी पहाऱ्याला दुसऱ्या कोणाची मुले उभी नव्हती. माणिक चौकातील स्मारकामुळे ही पाच नावे नंदुरबारच्या तोंडी आहेत. व्यापाऱ्याच्या शौर्याची जी कथा मुंबईत ऑंजियरच्या नावाने सांगितली जाते, तिच्या शेजारी ही ठेवून पाहावी.

२५/
युद्धकाळात व्यापारी शस्त्र धरतो, यात अद्भुत काही नाही. घरावर संकट आले की कोणीही धरील. त्याचे मोल ठरते ते दोन प्रश्नांवर. पहारा कोणी दिला आणि पेढी कोणाची वाचली? आणि संकट टळल्यावर शस्त्र खाली ठेवले की नाही? पहिल्या प्रश्नाचे उत्तर मुंबईच्या हजेरीपटात आहे : आठशे माणसे, स्वतःच्या हत्यारांनिशी. दुसऱ्याचे उत्तर १६७७ च्या सल्ल्यात आणि १८१८ च्या नंदुरबारात आहे. ऑंजियरला मुंबईचा संस्थापक जरूर म्हणावे. पण तसे म्हणताना त्या आठशे माणसांची आणि नवापूरच्या मागावर बसलेल्या विणकरांची आठवण ठेवावी. त्यांच्या श्रमाची नोंद कंपनीच्या वहीत राहिली नाही. इतिहासात तरी ती असावी.